पॅटरसन यांच्या नोंदीविषयी

साताऱ्यात राहून आपण अमेरिकी भूरसायनशास्त्रज्ञ क्लेअर पॅटरसन यांची ज्ञानकोशातील चरित्रनोंद सुधारायला घेतली, याचा मनापासून आनंद झाला. जवळच वाईत मराठी विश्वकोशाचे काम उभे राहिले असल्याने नेटक्या नोंदीची परंपरा आपल्या जिल्ह्याला नवी नाही. जन्म, शिक्षण, पदे हे थोडक्यात आटोपावे. खरा भर द्यावा तो पृथ्वीचे वय काढता काढता ते शिशाच्या प्रदूषणाकडे कसे वळले यावर: उल्केतील शिशाचे समस्थानिक (एकाच मूलद्रव्याचे वेगवेगळ्या वस्तुमानाचे अणू) मोजताना हवेतून, भांड्यांतून आणि रसायनांतून येणारे शिसे आकडे बिघडवत होते, म्हणून त्यांनी प्रयोगशाळा कमालीची स्वच्छ केली आणि १९५६ साली पृथ्वीचे वय सुमारे ४.५५ अब्ज वर्षे असल्याचे प्रसिद्ध केले. माणसाच्या शरीरातील शिशाचे प्रमाण सर्रास आढळणारे असले तरी नैसर्गिक नव्हे, असे त्यांनी १९६५ च्या लेखात मांडले; हा भेद नोंदीत स्पष्ट आलाच पाहिजे. पेट्रोलमध्ये मिसळले जाणारे शिसे त्यांनी एकट्याने हटवले, अशा अर्थाचे वाक्य मात्र ठेवू नका, कारण त्यामागे डॉक्टर, इतर संशोधक आणि कायदेही होते. ‘थोर’, ‘महान’ ही विशेषणे गाळा आणि प्रत्येक आकड्याला संदर्भ जोडा. भारतात शिसेयुक्त पेट्रोलची विक्री २००० साली थांबली, ही माहिती चरित्रात न घालता पेट्रोलच्या नोंदीत घालावी.