वाचकांचे प्रश्न : छातीवर हात ठेवून 'एक-दोन-तीन' का म्हणायला लावतात?

वडिलांना ताप आणि खोकला होता. डॉक्टरांनी त्यांच्या पाठीवर तळहात ठेवून पुन्हा पुन्हा 'एक-दोन-तीन' म्हणायला लावलं, मग स्टेथोस्कोप लावून तेच केलं. एक्स-रे काढायचाच होता, तर हे कशासाठी? – एक वाचक, इस्लामपूर

बोलताना स्वरयंत्रात उठणारं कंपन तोंडावाटे बाहेर पडतं, तसंच श्वासनलिकेतून खालीही उतरतं आणि फुप्फुसातून छातीच्या भिंतीपर्यंत पोचतं. वाटेत त्याचं काय होतं, हे फुप्फुसात काय भरलंय यावर ठरतं. निरोगी फुप्फुस म्हणजे साबणाच्या फेसासारखा हवेच्या बारीक पिशव्यांचा पुंजका. आवाजाचा वेग हवेत सेकंदाला सुमारे ३४० मीटर आणि पाण्यात सुमारे १,५०० मीटर असतो, पण या फेसात तो जेमतेम २५ ते ७० मीटरवर येतो. पातळ पडदा, हवा, पुन्हा पडदा असं ओलांडताना वरच्या पट्टीचे सूर गळत जातात. साधारण १०० ते २०० हर्ट्झचे खालचे सूर तेवढे निभावतात. म्हणून निरोगी छातीवर हाताला मंद थरथर लागते आणि स्टेथोस्कोपमधून नुसती गुणगुण येते, शब्द कळत नाहीत.

न्यूमोनियात या पिशव्यांमध्ये हवेऐवजी स्राव भरतो आणि तो भाग घट्ट होतो. गाळणीच उरत नाही, त्यामुळे कंपन वाढतं. फुप्फुसाच्या आवरणात पाणी झालं तर उलट घडतं: आवाज फुप्फुस आणि पाणी यांच्या सीमेवर आपटून बराचसा मागे फिरतो आणि कंपन कमी होतं. आवरणात हवा शिरली, तरी कंपन कमीच होतं.

एक्स-रेची जागा हात घेऊ शकत नाही. छातीतलं पाणी ३०० मिलिलिटरच्या आत असेल तर हाताला ते सहसा कळत नाही. उभं राहून समोरून काढलेल्या एक्स-रेत ते २०० मिलिलिटरच्या आसपास दिसू लागतं आणि सोनोग्राफीत त्याहून बऱ्याच आधी. पण हाताला खर्च नाही, किरण नाहीत. सकाळ-संध्याकाळ तीच जागा पुन्हा तपासता येते आणि पाणी चढतंय की उतरतंय याचा अंदाज येतो. शिवाय एक्स-रे लगेच निघेलच अशी सोय सगळीकडे नसते.

मी बीएएमएसनंतर इंटर्नशिप करतो आहे. हाताला कंपन कळतच नाही, आणि कळलं तरी उजवी-डावीकडचा फरक ठरवता येत नाही. नेमकं कुठे चुकतं? – इंटर्न, नांदेड

बहुतेकांचं पहिलं चुकतं ते बोटांच्या टोकांवर. टोकांना बारीक खडबडीतपणा कळतो, पण थरथर हाडावर चांगली कळते. म्हणून तळहाताची करंगळीकडची कड किंवा बोटांच्या मुळाशी असलेला हाडांचा भाग वापरा. हात नुसता टेकवा. दाबलात तर स्वतःच्याच स्नायूंचा ताण जाणवतो आणि कंपन दबतं.

रुग्णाला स्टुलावर बसवा, कपडे काढायला सांगा आणि स्त्री रुग्ण असेल तर सोबत स्त्री परिचारिका ठेवा. पाठ तपासताना दोन्ही हात छातीवर आडवे घेऊन विरुद्ध खांदे धरायला सांगितलं की खांद्याची पाती बाजूला सरकतात आणि मधली जागा मोकळी होते. पात्यावर हात ठेवून काही मिळत नाही, तिथे हाड आणि स्नायूच आहेत. वरून खाली या: खांद्याच्या वरचा भाग, पाती आणि मणका यांच्यामधली पट्टी, पात्याच्या खालच्या टोकाखाली, मग काखेतून खाली. समोरून कॉलर बोनच्या वर, खाली आणि दुसऱ्या-तिसऱ्या बरगडीच्या पातळीवर.

प्रत्येक ठिकाणी आधी एक बाजू, लगेच दुसरी, त्याच उंचीवर. काही पुस्तकं दोन्ही हात एकदम ठेवायला सांगतात, पण दोन हातांची जाण सारखी नसते. एकच हात आलटूनपालटून फिरवला तर फरक लवकर उमगतो. शंका आली तर उलट क्रमाने पुन्हा करा, म्हणजे फरक छातीत आहे की तुमच्या अपेक्षेत, ते कळेल.

दुसरी अडचण रुग्णाच्या आवाजाची. 'एक-दोन-तीन' म्हणा नाहीतर 'नव्याण्णव', शब्दाला फारसं महत्त्व नाही. मात्र प्रत्येक वेळी तोच शब्द, तेवढ्याच मोठ्याने आणि शक्य तितक्या खर्जात हवा. थकलेला रुग्ण चौथ्या जागेपर्यंत पुटपुटायला लागतो आणि कंपन कमी झाल्याचा भास होतो. पुरुषांचा बोलण्याचा मूळ सूर साधारण ८५ ते १८० हर्ट्झ, स्त्रियांचा १६५ ते २५५. तो जितका वर, तितका फुप्फुसात जास्त गळतो. त्यामुळे स्त्रिया, मुलं आणि जाड छातीची माणसं यांच्यात हाताला कमी लागणं साहजिक आहे. दोन्हीकडे सारखंच कमी असेल तर त्यावरून फारसा निष्कर्ष काढू नका.

निरोगी माणसातही दोन्ही बाजू हुबेहूब सारख्या नसतात. उजवीकडे वरच्या भागात कंपन किंचित जास्त असतं. समोर डावीकडे हृदयावर ते जवळपास नसतं आणि उजवीकडे खाली यकृतामुळे ते लवकर संपतं. हे 'आजार' म्हणून लिहून ठेवलेले केसपेपर वॉर्डात नेहमी दिसतात.

आता खरी गोम. कंपन एकट्याने निदान देत नाही, ते ठोकण्याच्या आवाजाशी, म्हणजे छातीवर टेकवलेल्या बोटावर दुसऱ्या हाताच्या बोटाने ठोकल्यावर येणाऱ्या आवाजाशी जोडायचं. ठोकल्यावर बद्द आणि कंपन वाढलेलं असेल, तर न्यूमोनियाने घट्ट झालेला भाग. ठोकल्यावर बद्द पण कंपन कमी, तर पाणी किंवा नळी तुंबून आकसलेलं फुप्फुस. ठोकल्यावर पोकळ, घुमणारा आवाज आणि कंपन कमी, तर आवरणात हवा. पाणी आणि आकसलेलं फुप्फुस यांत गोंधळ झाला की गळ्यात श्वासनलिका बघा. पाणी भरपूर असेल तर ती विरुद्ध बाजूला ढकललेली असते, आकसलेलं फुप्फुस तिला स्वतःकडे ओढतं.

यालाही अपवाद आहे. न्यूमोनिया असूनही त्या भागाकडे जाणारी नळी घट्ट कफाने बुजली असेल, तर आवाज खाली पोचणारच नाही आणि कंपन कमी लागेल. अशा वेळी रुग्णाला जोरात खोकायला सांगून पुन्हा हात ठेवा. कफ सुटला तर चित्र बदलतं.

या चिन्हांवर भरवसा किती ठेवायचा, याची पडताळणी महाराष्ट्रातच झालेली आहे. सेवाग्रामच्या महात्मा गांधी आयुर्विज्ञान संस्थेत २७८ रुग्ण तपासून केलेला अभ्यास २००७ साली प्रसिद्ध झाला. छातीतलं पाणी ओळखताना ठोकल्यावर येणारा बद्द आवाज आणि छातीची असमान हालचाल ही दोन चिन्हं स्वतंत्रपणे टिकली. कंपनाची कामगिरीही चांगली होती, पण बाकीच्या चिन्हांच्या जोडीला ते फारशी नवी माहिती देत नव्हतं. त्यामुळे बोट ठोकायला नीट शिका, तो कंटाळा करू नका.

स्टेथोस्कोपने 'ई' म्हणायला लावतात आणि कुजबुजायलाही लावतात. हाताने पाहिल्यावर याची गरज काय? – नर्सिंगची विद्यार्थिनी, सांगली

हाताला खालचे सूर कळतात, कानाला वरचेही. या दोन्ही चाचण्या वरच्या सुरांसाठी आहेत.

रुग्णाला लांब 'ई' म्हणायला सांगा. निरोगी छातीवर तो 'ई'च ऐकू येतो, फक्त दबलेला. घट्ट झालेल्या फुप्फुसावर, किंवा पाण्याच्या वरच्या काठाशी जिथे फुप्फुस दाबलं गेलेलं असतं तिथे, तो नाकातल्या 'ए'सारखा, बकरीच्या आवाजासारखा ऐकू येतो. पाण्याच्या काठाशी ही पट्टी एक-दोन बोटांइतकी अरुंद असू शकते. स्टेथोस्कोप थोडा थोडा सरकवत गेलं नाही तर ती निसटते. पॅरिसच्या रेने लेनेकने १८१६ साली कागदाची सुरळी करून स्टेथोस्कोपची सुरुवात केली आणि १८१९ च्या ग्रंथात हा आवाज नोंदवला.

कुजबुजताना स्वरतंतू कंप पावत नाहीत, म्हणून हाताने तपासण्यासारखं काही नसतं. नुसता वाऱ्याचा वरचा सूर असतो आणि निरोगी फुप्फुस तो जवळपास पूर्ण गाळतं. त्यामुळे 'एक-दोन-तीन' कुजबुजल्यावर शब्द स्पष्ट आले, तर खाली घट्ट भाग असण्याची शक्यता दाट. लहानसा घट्ट भाग हाताला कळत नाही, तेव्हा ही चाचणी उपयोगी पडते. कुजबुज म्हणजे खरी कुजबुज हवी. बरेच रुग्ण हळू आवाजात बोलतात आणि तेवढ्याने चाचणी फुकट जाते. आधी स्वतः करून दाखवा.

पंखा बंद करा. स्टेथोस्कोपची चपटी बाजू थेट त्वचेवर घट्ट टेकवा. कपड्यावरून ऐकलेलं काही लिहू नका. छातीवर केस असतील तर ते ओले करा, नाहीतर त्यांची चरचर फुप्फुसातली वाटते.

माझी मुलगी दोन वर्षांची आहे. सर्दी-खोकला झाला की तिच्या छातीवर हात ठेवून न्यूमोनिया ओळखता येईल का? – एक आई, पणजी

नाही. इतक्या लहान मुलात हाताला लागणारी घरघर बहुतेकदा घशातल्या आणि मोठ्या नळ्यांतल्या कफाची असते. ती भीतीदायक वाटली तरी न्यूमोनियाची खूण नाही. डॉक्टरसुद्धा या वयात मूल रडत असतानाच कंपन तपासतात, कारण सांगितल्यावर शब्द म्हणणारं ते वय नव्हे.

त्याऐवजी श्वास मोजा. मूल शांत असताना किंवा झोपेत, पोट-छाती उघडी ठेवून, घड्याळ लावून पूर्ण एक मिनिट. अर्धा मिनिट मोजून दुप्पट करू नका, लहान मुलांचा श्वास एकसारखा चालत नाही. दोन महिन्यांच्या आतल्या बाळात मिनिटाला ६० किंवा जास्त, दोन महिने ते एक वर्षात ५० किंवा जास्त, एक ते पाच वर्षांत ४० किंवा जास्त श्वास म्हणजे वेग वाढलेला. दोन महिन्यांच्या आतल्या बाळात आकडा ६० किंवा जास्त आला तर पुन्हा एकदा मोजा, आणि तो तसाच राहिला तर लगेच दवाखान्यात न्या. तुमच्या मुलीला ४० ची मर्यादा लागू आहे. ताप उतरल्यावर पुन्हा मोजूनही आकडा ४० किंवा जास्तच राहिला तर त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवा. श्वास घेताना बरगड्यांखालचा भाग आत ओढला जात असेल, ओठ निळसर दिसत असतील, ती पाणीही पीत नसेल किंवा उठवूनही नीट जागी होत नसेल, तर मोजत बसू नका, थेट रुग्णालय गाठा.