लोकशाही देशांत पोलीस आणि गुप्तचर खात्यांवर नक्की कोणाचा ताबा असतो? आपल्याकडे आणि बाहेर फरक काय?

"आपल्याकडे पोलीस गृहमंत्र्याच्या खिशात आणि परदेशात स्वतंत्र" असं बरेच जण धरूनच चालतात. तसं काही नाही. मंत्री सगळीकडे असतो, आणि लोकशाहीत तो असायलाही हवा. पाच वर्षांनी मतं मागायला पोलीस कमिशनर दारात येत नाही. खरा फरक हुकूम कसा येतो त्यात आहे. तिकडे तो निदान महत्त्वाच्या बाबतीत तरी कागदावर, सहीनिशी द्यावा लागतो आणि तो कागद सरकारबाहेरचं कुणीतरी मागवून वाचू शकतं. आपल्याकडे फोन येतो.

मी पोलीस लायनीत वाढले, हवालदाराची मुलगी. पुढे फोर्टात सर्व्हिस मॅटर, म्हणजे सरकारी नोकरीतले वाद, लढवणाऱ्या एका वकिलांकडे टायपिंगला लागले ती आजतागायत. त्यामुळे या विषयावर मला थंड डोक्याने लिहिता येत नाही, आधीच सांगते.

अण्णा, म्हणजे माझे वडील, मध्य मुंबईतल्या एका पोलीस ठाण्यात होते. नव्वदीच्या दशकातली गोष्ट. विसर्जनाच्या रात्री दोन मंडळांच्या पोरांत जुंपली आणि एकाच्या डोक्यात लोखंडी पाइप बसला. त्याला केईएमला नेलं. त्याचा भाऊ रक्ताने माखलेला शर्ट घालून ठाण्यात आला. त्या रात्री ठाणे अंमलदार अण्णाच. त्यांनी नेहमीप्रमाणे स्टेशन डायरी ओढली आणि वेळ टाकून नोंद घेतली. कोणी मारलं, कशाने मारलं, नावं काय, सगळं. त्यातलं एक नाव तिथल्या नगरसेवकाच्या पुतण्याचं होतं. अण्णांना ते माहीत नव्हतं असं नाही. सगळ्या एरियाला माहीत होतं.

आता ही डायरी सीसीटीएनएसवर, म्हणजे पोलिसांच्या संगणक प्रणालीवर असते. तेव्हा जाड बांधणीचं रजिस्टर असायचं, पानापानावर छापील नंबर. अण्णांची एक सवय होती. नोंद संपली आणि ओळीत जागा उरली, तर तिथे शेवटपर्यंत तिरकी रेघ मारायची आणि रेघेला चिकटून सही करायची, म्हणजे मागाहून कुणाला एक शब्दही घुसवता येऊ नये. घरी दुधाच्या वहीतसुद्धा तीच रेघ. दूधवाला हसायचा, "हवालदारसाहेब, मैं क्या लिखूंगा बीच में?"

मध्यरात्रीनंतर साहेबांच्या केबिनमध्ये फोन वाजला. साहेब बाहेर आले आणि म्हणाले, "हवालदार, ते पान जरा नीट लिहून काढा. नावाची खात्री झालेली नाही." अण्णा उभे राहिले. म्हणाले, "साहेब, पानाला नंबर आहे. आपण लेखी द्या, मी तशी नोंद घेऊन दुरुस्ती करतो." साहेबांनी लेखी दिलं नाही. रागावलेही नाहीत म्हणे. फक्त "बरं" म्हणाले आणि आत गेले.

नवरात्र बसायच्या आत अण्णांची बदली लोकल आर्म्सला, म्हणजे सशस्त्र पोलिसांत झाली. आदेशावर दोनच शब्द, 'प्रशासकीय कारणास्तव'. पन्नाशीला टेकलेला माणूस खांद्यावर थ्री-नॉट-थ्री घेऊन गार्ड ड्युटी करायला लागला, कैदी पार्टीबरोबर आर्थर रोडहून कोर्टात आणि कोर्टातून परत. गुडघे आधीच गेलेले. आई रोज रात्री तेल चोळायची आणि चोळता चोळता बोलायची, "तुम्हालाच काय गरज होती?" केस पुढे उभी राहिली, साक्षीदार फिरले, पोरगा सुटला. अण्णा सहायक फौजदार म्हणून रिटायर झाले.

मला आजही एकच गोष्ट खुपते. अण्णांनी त्या पोराचं नाव शाईने लिहिलं आणि खाली सही केली. पण अण्णांना हलवणाऱ्याचं नाव जगातल्या कुठल्याच कागदावर नाही.

आता तुमचा प्रश्न. आपल्याकडे पोलीस हा राज्याचा विषय, सातव्या अनुसूचीतल्या राज्यसूचीत. मूळ सांगाडा 1861 च्या पोलीस कायद्याचा, म्हणजे सत्तावन्नच्या उठावानंतर इंग्रजांनी रयतेला धाकात ठेवायला केलेला. आपला 1951 चा मुंबई पोलीस कायदा स्वातंत्र्यानंतरचा, पण वळण तेच. राष्ट्रीय पोलीस आयोग 1977 साली नेमला गेला, त्याचे अहवाल धूळ खात पडले. 1996 मध्ये प्रकाश सिंह या निवृत्त पोलीस महासंचालकांनी सुप्रीम कोर्टात याचिका टाकली. मध्ये आपले मुंबईचे माजी पोलीस कमिशनर रिबेरोसाहेब यांचीही समिती होऊन गेली. निकाल लागला 22 सप्टेंबर 2006 ला. त्यात राज्य सुरक्षा आयोग, महासंचालकाला किमान दोन वर्षं, ठाण्याच्या प्रमुखालाही दोन वर्षं, बदल्यांसाठी आस्थापना मंडळ, तक्रार प्राधिकरण असं बरंच आलं. महाराष्ट्राने 2014 मध्ये कायदा दुरुस्त केला. आणि त्या दुरुस्तीतलं कलम 22-एन बघा. मुदतीआधी बदली करता येते, अपवादात्मक परिस्थितीत, जनहितार्थ आणि प्रशासकीय निकडीमुळे. अण्णांच्या आदेशातलं 'प्रशासकीय' कायद्यात जाऊन बसलं! मॅटमध्ये, म्हणजे सरकारी नोकरांच्या तक्रारी ऐकणाऱ्या राज्याच्या न्यायाधिकरणात, जाणाऱ्या बदल्यांच्या अर्जांत मी हे कलम इतक्यांदा टाइप केलंय की बोटं आपोआप चालतात. पण एक मान्य करावं लागेल, की आता निदान मंडळाचं इतिवृत्त मागता येतं, निकड काय होती ते दाखवा म्हणता येतं. ते दाखवता आलं नाही म्हणून बदल्या रद्द झालेल्या मी पाहिल्यात. अण्णांच्या वेळीही मॅट होतं. तिथे जा म्हणून सांगणारं कुणी नव्हतं.

इंग्लंडमध्ये 1968 च्या एका निकालात लॉर्ड डेनिंग यांनी स्पष्ट सांगितलं की कुणावर खटला भरायचा आणि कुणावर नाही हे कुठलाही मंत्री लंडनच्या पोलीस कमिशनरला सांगू शकत नाही. धोरण सांगा, बजेट द्या, जाब विचारा, पण अमक्या पोराला सोड म्हणू नका. शिवाय तिथल्या शिपायांना 1919 च्या कायद्याने स्वतःची फेडरेशन मिळाली. संपाचा हक्क नाही, पण तोंड आहे. आपल्याकडे 1966 च्या कायद्याने पोलिसांच्या संघटनांना लगाम घातला, आणि 1982 च्या ऑगस्टमध्ये मुंबईतल्या शिपायांनी डोकं वर काढलं ते कसं दाबलं गेलं ते लायनीतल्या म्हाताऱ्यांना विचारा. ज्याला स्वतःच्या बदलीबद्दल बोलायची सोय नाही त्याने नगरसेवकाला नाही म्हणावं, अशी आपली अपेक्षा.

गुप्तचर खात्यांचं तर विचारूच नका. देशातली माहिती काढणाऱ्या आयबीची सुरुवात 1887 ची. परदेशातली माहिती काढणारी रॉ 1968 ची, कॅबिनेट सचिवालयाखाली, थेट पंतप्रधानांना उत्तरदायी. दोन्हींचे अधिकार आणि मर्यादा सांगणारा संसदेचा कायदा नाही. त्यांच्यावर देखरेख करणारी वेगळी संसदीय समितीही नाही. कायदा आहे तो 1985 चा, त्यांच्या कर्मचाऱ्यांनी संघटना करू नये म्हणून! 2011 मध्ये खासदार मनीष तिवारींनी खासगी विधेयक आणलं होतं, पुढे सरकलं नाही. हमीद अन्सारी उपराष्ट्रपती असताना 2010 मध्ये रॉच्याच कार्यक्रमात संसदेच्या देखरेखीचा विषय काढून आले. ऐकून सगळे घरी गेले. सीबीआय तरी 1946 च्या दिल्ली विशेष पोलीस आस्थापना कायद्याला लोंबकळते, म्हणून 2013 मध्ये गुवाहाटी हायकोर्टाने तिलाच घटनाबाह्य ठरवल्यावर सुप्रीम कोर्टाला घाईघाईने स्थगिती द्यावी लागली.

इथे माझा मामा येतो. मामा केंद्राच्या एका गुप्तचर खात्यात, बरीच वर्षं दिल्लीला. अण्णांची बदली झाली त्या दिवाळीत आमच्याकडे आला होता. फराळाचं ताट मांडीवर घेऊन म्हणाला, "दाजी, तुमचं चुकतंय. कागद झाला की तो फुटतो. आमच्याकडे बघा, आम्ही कुणाला उत्तर देत नाही, म्हणून कामं होतात." अण्णा काही बोलले नाहीत. मी बोलले, आणि आईने मला आत चहा टाकायला पाठवलं. तो वाद तिथून सुरू झाला तो मामा रिटायर होऊनही संपला नाही.

मामाला तेव्हा द्यायला हवी होती ती उत्तरं मला नंतर मिळाली. ब्रिटनची देशांतर्गत गुप्तचर संस्था एमआय 5 1909 पासून होती, पण तिला कायदा मिळाला 1989 मध्ये. परदेशात काम करणाऱ्या एमआय 6 ला 1994 मध्ये, आणि त्याच कायद्याने खासदारांची समिती आली. तिथली खाती बंद पडली का? 2016 च्या कायद्याने तर फोन ऐकायचा वॉरंट मंत्र्याने सही केला तरी एका न्यायिक आयुक्ताने मंजूर केल्याशिवाय चालत नाही. आपल्याकडे 1996 मध्ये सुप्रीम कोर्टाने फोन टॅपिंगला नियम घालून दिले, पण परवानगी देणारा गृह सचिव आणि आढावा घेणारेही सचिवच. 2024 च्या नव्या नियमांतही तेच. सगळे एकाच कॅन्टीनमध्ये जेवणारे.

अमेरिकेत एडगर हूवर 1924 पासून 1972 पर्यंत एफबीआयच्या प्रमुखाच्या एकाच खुर्चीत बसला. त्याच्या नावाने अध्यक्षांनाही घाम फुटायचा. मग 1975 मध्ये सिनेटर चर्च यांच्या समितीने कपाटं उघडली, दोन्ही सभागृहांत कायमच्या समित्या झाल्या, 1976 मध्ये एफबीआयच्या संचालकाला दहा वर्षांची मर्यादा घातली गेली आणि 1978 मध्ये टॅपिंगसाठी वेगळं कोर्ट आलं. मार्टिन ल्यूथर किंग यांचा फोन ऐकायला 1963 मध्ये ॲटर्नी जनरल रॉबर्ट केनेडी यांनी लेखी मंजुरी दिली होती. केनेडींसारखा माणूस, आणि तरी त्यांचं नाव आज सगळ्यांना वाचता येतं. कारण सही आहे.

जर्मनीने नाझींचे गुप्त पोलीस, म्हणजे गेस्टापो, भोगले, म्हणून तिथे गुप्तचर आणि पोलीस यांची फारकत केली. माहिती गोळा करणारा अटक करू शकत नाही. कॅनडाने 1984 मध्ये तसंच केलं, कारण त्यांच्या माउंटेड पोलिसांच्या गुप्तचर शाखेने 1972 मध्ये क्वेबेकमध्ये चक्क एक कोठार जाळलं होतं. ते बाहेर आलं, चौकशी आयोग बसला आणि ते काम पोलिसांकडून काढून वेगळ्या खात्याला दिलं गेलं.

आणि मामाचं सांगायचं राहिलं. निवृत्तीआधी त्याची बढती हुकली. कनिष्ठ माणूस पुढे गेला. कारण कुणी सांगेना, आम्ही उत्तर देत नाही हे धोरण आता त्याच्यावरच लागू झालेलं. मामा कॅटमध्ये, म्हणजे केंद्राच्या तशाच न्यायाधिकरणात गेला. अर्जातली पहिलीच मागणी काय, तर निवड समितीचं लेखी इतिवृत्त सादर करावं. अर्ज आमच्या ऑफिसातून गेला आणि टाइप मी केला. एक अक्षर बोलले नाही. आईचा एकुलता एक भाऊ. पण अजूनही तो "कागद फुटतो" म्हणाला की मी विषय बदलत नाही.

म्हणून तुम्हाला किंवा तुमच्या घरातल्या कुणाला पोलिसांकडून कधी काही तोंडी सांगितलं गेलं, तर लेखी मागा. दिलं नाही तर तुम्हीच अर्ज लिहा, 'आज अमुक वाजता मला असं असं सांगण्यात आलं', आणि आवक शिक्का घेऊन या. खाली जागा उरली तर रेघ मारा. ठाण्यातलं सीसीटीव्ही फुटेज हवं असेल तर लगेच लेखी मागा. सुप्रीम कोर्टाने डिसेंबर 2020 मध्ये प्रत्येक ठाण्यात कॅमेरे आणि रेकॉर्डिंग जपून ठेवायला सांगितलंय, पण मागायला उशीर केलात तर 'तांत्रिक बिघाड' ऐकून परत याल.

परदेशात सगळं आलबेल आहे असं माझं म्हणणं नाही. अमेरिकेतलं ते टॅपिंगचं कोर्ट बंद दाराआड चालतं, आणि 2013 मध्ये तिथल्या गुप्तचर खात्यासाठी काम केलेल्या स्नोडेनने कागद बाहेर काढले तेव्हा कळलं की त्याच कोर्टाने सरसकट सगळ्यांच्या फोनची माहिती गोळा करायला मान डोलावली होती. ब्रिटनमध्ये खासदारांच्या समितीचा रशियावरचा अहवाल निवडणूक होईपर्यंत पंतप्रधानांनी अडवून धरला. लंडनच्या पोलिसांनी खोट्या नावांनी चळवळीतल्या बायकांशी वर्षानुवर्षं संबंध ठेवले, त्याची चौकशी 2015 पासून चालू आहे. आणि आपल्याकडचे सगळेच साहेब तसे असतात असंही नाही. अण्णांना शेवटी हलकी ड्युटी लावून देणारेही एक साहेबच होते.

हे एमपीएससीसाठी विचारत असाल तर अण्णांचं काही लिहू नका. जपान लिहा, तो फारसं कुणी लिहीत नाही. युद्धानंतर तिथे सरकार आणि पोलीस यांच्यामध्ये सार्वजनिक सुरक्षा आयोग बसवला गेला. अध्यक्ष मंत्रीच, पण त्याच्याशिवाय पाच सदस्य, त्यातले तीन एका पक्षाचे असू शकत नाहीत, आणि मागच्या पाच वर्षांत पोलीस किंवा सरकारी वकील असलेला माणूस चालत नाही. मात्र त्या आयोगाचं कार्यालयीन काम पोलीस खातंच बघतं. तेही लिहा.