क्नेफ यांच्या चित्रपटापुढे 'देश' कोणता लिहावा?

जर्मन अभिनेत्री व गायिका हिल्डेगार्ट क्नेफ यांचे चित्रपट फिल्म सोसायटीत दाखवण्यासाठी आपण केलेला अर्ज १९४६ च्या 'मारेकरी आमच्यातच आहेत' या चित्रपटापुढील 'देश' या रकान्यामुळे परत आला, हे वाचून आमची जुनी रखडपट्टी आठवली. आम्हाला एका कार्यालयाने (नाव घेत नाही) असे कळवले होते की, निर्मितीसंस्था डेफा म्हणजे पूर्व जर्मनी आणि अभिनेत्री पश्चिम जर्मनीची, तेव्हा आधी एक देश निश्चित करावा. वस्तुतः ही दोन्ही राष्ट्रे १९४९ साली अस्तित्वात आली; १९४६ मध्ये होते ते अमेरिका, ब्रिटन, फ्रान्स आणि सोव्हिएत संघ या चार विजेत्यांनी विभागांत वाटून घेतलेले जर्मनी आणि बर्लिन. दिग्दर्शक वोल्फगांग श्टाउडटे यांना हा चित्रपट काढण्यास पाश्चात्त्य अधिकाऱ्यांनी नकार दिला, सोव्हिएत अधिकाऱ्यांनी परवानगी दिली, मात्र नायकाने सूड न घेता गुन्हेगाराला कायद्याच्या हवाली करावे, असा शेवट बदलून घेतला. हे सारे आम्ही पत्रातून समजावत बसलो आणि तेवढ्यात सभागृहाची तारीख हातची गेली. आपण 'जर्मनी, सोव्हिएत विभाग' असे लिहून मोकळे व्हावे. मी कायद्याचा जाणकार नाही. प्रदर्शनाच्या हक्कांची चौकशी स्वतंत्रपणे करावीच. डेफाच्या चित्रपटांसाठी बर्लिनमधील डेफा प्रतिष्ठानाला लिहावे, पश्चिमेकडील चित्रपटांचे हक्क मात्र तेथे मिळणार नाहीत.

कार्यक्रमाच्या पत्रकात क्नेफ यांच्या नग्न दृश्यामुळे गाजलेल्या १९५१ च्या 'पापिणी' या चित्रपटाला मथळ्याचे स्थान देऊ नये, असे माझे स्पष्ट मत आहे. त्यातील नग्नता काही क्षणांची आहे. चर्चचा रोष वेश्याव्यवसाय, दयामरण आणि आत्महत्या यांच्या चित्रणावरही होता. बंदीचा वाद १९५४ साली पश्चिम जर्मनीच्या सर्वोच्च प्रशासकीय न्यायालयात चित्रपटाच्या बाजूने निकाली निघाला, कारण चित्रपट ही कला म्हणून घटनेने संरक्षित आहे, असे न्यायालयाने मानले. इतका महत्त्वाचा निकाल सोडून लोक त्या दृश्याविषयीच बोलत राहतात, याचा मला अजूनही राग येतो. त्याउलट १९४६ च्या चित्रपटात छळछावणीतून परतलेली त्यांची सुझान फारच नीटनेटकी दिसते, हा आक्षेप मला रास्त वाटतो. तरीही उद्ध्वस्त घर पुन्हा राहते करण्याची तिची जिद्द त्या ज्या संयमाने दाखवतात, तो संयम पुढच्या भूमिकांमध्ये मला क्वचितच आढळला.

शोध घेताना अमेरिकी कामांसाठी 'हिल्डेगार्ड नेफ' हे नावही पाहावे. न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे रंगभूमीवरील १९५५ च्या 'सिल्क स्टॉकिंग्ज' या संगीतिकेच्या नोंदी त्याच नावाने सापडतात. दोन चित्रपटांमध्ये मध्यंतर असेल, तर त्यांचे १९६८ चे 'माझ्यासाठी लाल गुलाबांचा पाऊस पडावा' हे गीत ऐकवावे. मात्र ध्वनिमुद्रण सार्वजनिक कार्यक्रमात वाजवण्याची परवानगी वेगळी लागते, तिचा अर्ज चित्रपटाच्या अर्जाला जोडू नये.