आधी पायाखालची जमीन बघ, मग विषय बदल

अगं पोरी,

तुझा मेल वाचला आणि खरं सांगतो, राग आला. तू लिहितेस की इंग्लंडमधली ही वेस्ट मिडलंड्स काउंटी, बर्मिंगहॅम-कोव्हेंट्रीचा भाग, म्हणजे १९७४ साली सरकारने कागदावर मारलेली रेघ, स्टॅफर्डशायर, वॉरिकशायर, वुस्टरशायरचे तुकडे काढून जोडलेत, १९८६ ला तर तिचं काउंटी कौन्सिलसुद्धा बंद केलं, डोंगर नाही समुद्र नाही मोठी नदी नाही, मग इथल्या वारशावर आणि खेळांवर डिझर्टेशन कशाचं लिहू, त्यापेक्षा लंडनवर घेते. कागदापुरतं सगळं बरोबर आहे तुझं. पण तू खोलीत बसून क्लब गोळा केलेस, स्थापनेची सालं लावलीस, कप मोजलेस आणि आता म्हणतेस धागा सापडत नाही. कसा सापडेल? आधी पायाखाली काय आहे ते बघ. हे मी या पत्रात परत परत सांगणार आहे, वैतागलीस तरी.

मोठी नदी नाही ना, तिथूनच सुरू कर. डडलीजवळ राउली हिल्स आहेत, टर्नर्स हिल त्यातली सगळ्यात उंच, २७१ मीटर. तू हसशील, आपल्याकडे याला टेकाडही म्हणणार नाहीत. पण या टेकड्यांच्या एका अंगाला पडलेलं पाणी टेम नदीतून ट्रेंटला आणि पुढे हंबरमार्गे पूर्वेच्या समुद्राला जातं, दुसऱ्या अंगाचं स्टाउरमधून सेव्हर्नला आणि पश्चिमेच्या ब्रिस्टल चॅनेलला. म्हणजे ही सगळी वस्ती पाणलोटाच्या माथ्यावर बसलीय. खाली दगडी कोळसा, चुनखडी, लोखंडाचा दगड, फायरक्ले म्हणजे भट्टीच्या विटांची माती, सगळं एका जागी, आणि माल न्यायला नदी नाही. म्हणून कॅनॉल खणले. आणि माथ्यावर कॅनॉल खणला की तिथे पाणी टिकत नाही, दर बोटीमागे लॉकमधून, म्हणजे बोट चढवायच्या-उतरवायच्या दारांच्या कप्प्यातून, खाली जातं, म्हणून १७७९ ला बर्मिंगहॅमजवळच्या स्मेदिकला बोल्टन आणि वॉटचं वाफेचं इंजिन बसवलं, खाली गेलेलं पाणी परत वर चढवायला. ते इंजिन आज बर्मिंगहॅमच्या थिंकटँक म्युझियममधे आहे आणि अजून चालतं. मग १८२९ मधे टेलफर्ड या इंजिनिअरने टेकडी कापून खालच्या पातळीवरून नवा कॅनॉल नेला आणि त्या खोल खिंडीवर गाल्टन ब्रिज टाकला. तू ट्रेनने त्याच्या शेजारून रोज जातेस असं तुझ्याच मेलमधे आहे, स्टेशनचं नावसुद्धा स्मेदिक गाल्टन ब्रिज आहे, आणि मला लिहितेस की काही बघण्यासारखं नाही!

आता त्या स्टेशनपासून बर्मिंगहॅमकडे पुढचंच स्टेशन द हॉथॉर्न्स. वेस्ट ब्रॉमिच अल्बियन या फुटबॉल क्लबचं मैदान. समुद्रसपाटीपासून ५५१ फूट, इंग्लिश लीगमधलं सगळ्यात उंचावरचं मैदान. हे तू ‘रंजक माहिती’ अशा चौकटीत टाकलंयस. चौकटीत कशाला टाकतेस, ती तर अख्खी गोष्ट आहे! तोच पाणलोट, तोच माथा, आणि १८७८ ला क्लब काढणारी पोरं सॉल्टरच्या स्प्रिंगच्या कारखान्यातली. स्प्रिंग का, तर लोखंड. लोखंड का, तर कोळसा. वॉलसॉलच्या क्लबला सॅडलर्स म्हणतात कारण गाव खोगीर आणि चामड्याचं. शनिवारी दुपारी कारखान्यांना सुट्टी मिळायला लागली आणि फुटबॉल त्या दुपारीत वाढला. १८८८ मधे ॲस्टन व्हिलाच्या विल्यम मॅकग्रेगरने पत्र धाडून फुटबॉल लीग उभी केली, हा माणूस कापडाचा दुकानदार, आणि पहिल्या १२ क्लबांत व्हिला, अल्बियन, वुल्व्ह्ज असे तीन याच भागातले. तू कप मोजतेस. कप नंतर मोज गं.

बर्मिंगहॅममधल्या एजबॅस्टनचं बघ. तू मला शुभमन गिलचे २६९ आणि १६१ कळवलेस, २०२५ ला आपण तिथे पहिल्यांदा टेस्ट जिंकलो, ३३६ रन्सनी, मलाही आनंद झाला, डोळ्यांत पाणी आलं म्हटलं तरी चालेल. पण एजबॅस्टन इतकं हिरवं का राहिलं हे विचारलंस का कधी? मैलभरावर धूर आणि धडधड, आणि इथे बंगले, बागा, झाडं. कारण जमीन कॅल्थॉर्प घराण्याची आणि त्यांच्या लीजमधे कारखाना, वर्कशॉप काढायला बंदी. म्हणून पैसेवाले तिथे राहायला गेले, म्हणून १८६० च्या आसपास हॅरी जेम आणि ऑगुरिओ परेरा यांना तिथल्या घरामागच्या हिरवळीवर टेनिस खेळून बघता आलं, विंबल्डनच्या कितीतरी आधी, आणि म्हणून वॉरिकशायरला क्रिकेटचं मैदान तिथेच मिळालं. भट्टीच्या बाजूला फुटबॉल, लीजच्या बाजूला टेनिस आणि क्रिकेट. एवढं एक वाक्य नकाशासकट सिद्ध केलंस तर तुझं पहिलं चॅप्टर झालं. पण त्यासाठी रे नदीच्या कडेने मैदानाच्या मागून चालत जावं लागतं, पायाखाली बघत.

कोव्हेंट्रीत तू राहतेस तर त्यावर मी जास्त लिहीत नाही. रिबनचा धंदा १८६० नंतर बसला, घड्याळं होती, शिलाई मशीन आली, शिलाई मशीनवाल्यांनीच सायकली करायला घेतल्या, १८८५ ला स्टार्लीची रोव्हर सायकल, आणि तुझ्या त्या स्काय ब्लूजचा, म्हणजे कोव्हेंट्री सिटीचा, फुटबॉल क्लब १८८३ ला सिंगरच्या सायकल कारखान्यातल्या कामगारांनी काढला. १९४० च्या नोव्हेंबरमधल्या बाँबहल्ल्यात जळालेलं कथीड्रल तसंच ठेवून शेजारी १९६२ ला नवं उभं केलं तिथे तू रोज डबा खातेस. खा, पण एकदा भिंतीचा दगड बघ, लाल वाळूचा आहे. आणि तिथून सोलिहलपर्यंत मेरिडन गॅपची शेतं लागतात, मुद्दाम मोकळी ठेवलेली. अख्खी काउंटी सिमेंटची आहे असं परत लिहू नकोस.

आता तुझ्या सांगलीचं. २०२२ च्या बर्मिंगहॅम कॉमनवेल्थमधे भारताचं पहिलं मेडल संकेत सरगरचं, वेटलिफ्टिंगमधे, एनईसी या प्रदर्शन केंद्रात, २४८ किलो, कोपर दुखावलं आणि एका किलोने गोल्ड गेलं. आपल्या बीडच्या अविनाश साबळेने पेरी बारच्या अलेक्झांडर स्टेडियममधे स्टीपलचेस शर्यतीत ८ मिनिटं ११.२० सेकंदांत सिल्व्हर घेतलं, गोल्ड ०.०५ सेकंदाने हुकलं. हे तू प्रस्तावनेत घातलंस, ठीक आहे. पण त्या स्टेडियमच्या अंगाला कॅनॉल आहे, जवळून एम ६ मोटरवे जातो, आणि ते घर आहे बर्चफील्ड हॅरियर्सचं, १८७७ चा ॲथलेटिक्सचा क्लब, ऑलिंपिक गोल्डवाली डेनिस लुईस तिथलीच. साबळे ज्या ट्रॅकवर पळाला तिथे एरवी कोण पळतं हे तुला माहीत नसेल तर तुझ्या ‘लेगसी’ या शब्दात काही राम नाही.

आणि कबड्डी! मार्च २०२५ ला कबड्डीचा वर्ल्ड कप वुल्व्हरहॅम्प्टन, वॉलसॉल, कोव्हेंट्री आणि बर्मिंगहॅमला झाला, आशियाबाहेर पहिल्यांदा. तो इथेच का? कारण इथल्या फौंड्र्यांना माणसं हवी होती आणि ती पंजाबातून आली, येताना कबड्डी घेऊन आली. परत तेच बघ, जमीन, भट्टी, माणूस, खेळ.

मला सगळे विचारतात तू तिथे का अडकलास. लंडनच्या बाजूला चांगली नोकरी चालून आली होती, काकू अजून आठवण काढते. मी कोल्हापूरच्या फौंड्रीतून आलेला माणूस, मला इथे साच्याच्या काळ्या वाळूचा वास आला आणि वाटलं इथली भाषा मला कळते. राहिलो. आमचं वर्कशॉप बंद झालं तेव्हा लाकडी पॅटर्न, म्हणजे ज्यांवरून वाळूचा साचा घेतात ते नमुने, हाताने घासून गुळगुळीत झालेले, काहींवर सुताराची पेन्सिलची खूण होती, ते कचऱ्याच्या स्किपमधे गेले. एकानेही फोटो काढला नाही, कोणी लिहून ठेवलं नाही, आणि ज्या म्हाताऱ्या मोल्डरला प्रत्येक पॅटर्न कुठल्या कामाचा ते पाठ होतं तो पुढे गेला. ही रुखरुख मला आहे आणि राहील. पण राहिलो ते बरोबरच केलं, आज कोणी विचारलं तरी तेच करीन. नेदरटनला टायटॅनिकचा पंधरा टनांहून जड नांगर झाला, क्रॅडली हीथच्या साखळी करणाऱ्या बायकांनी १९१० ला दहा आठवडे संप करून किमान मजुरी मिळवली, घरामागच्या भट्टीवर लेकरं सांभाळत साखळ्या ओढणाऱ्या बायका होत्या त्या. तुझ्या यादीत एकही बाई नाही, हे मला फार लागलं.

तर विषय बदलू नकोस. निदान या शनिवारपर्यंत तरी नाही. सकाळी स्मेदिक गाल्टन ब्रिजला उतर, टोपाथवर, म्हणजे कॅनॉलकाठच्या पायवाटेवर, खाली जा, वरचा जुना कॅनॉल खालच्या नव्या कॅनॉलवरून जिथे पुलावरून जातो आणि त्याच्याही वर एम ५ खांबांवर उभा आहे तिथपर्यंत चाल, मग मागे फिरून हॉथॉर्न्सपर्यंत ये. चढ लागेल, तो पायांनी मोज. एजबॅस्टन दुसऱ्या दिवशी. डडलीला आलीस तर रेन्स नेस्टला नेईन, तिथे चुनखडीत ट्रायलोबाइट मिळतात, ४० कोटी वर्षांहून जुने, इथले लोक त्याला डडली बग म्हणतात. आणि डडलीत कोणाला ब्रमी, म्हणजे बर्मिंगहॅमवाला, म्हणू नकोस, ते ब्लॅक कंट्रीवाले, या कोळसा-लोखंडाच्या पट्ट्यातले, मनापासून चिडतात आणि चिडावंच.

बूट चांगले घाल, टोपाथवर चिखल असतो. चालून आल्यावर एक पान लिही, फक्त हॉथॉर्न्सवर, आणि गाइडला पाठवायच्या आधी मला पाठव. रविवारी जेवायला घरीच ये, काकूने सांगितलंय.

तुझा,
काका