कुलीतली मजुरी

प्रश्न आला आहे तो असा: "जॉन ग्लॅडस्टन या ब्रिटिश व्यापारी-खासदारावरच्या लेखात वाचलं की 'गुलामांची भरपाई' मिळाल्यावर त्यानं आपल्या मळ्यांवर 'धनगर कुली' नेले. कुली म्हणजे हमालच ना? आणि तो शब्द 'कोळी'वरून आला हे खरं का?"

आधी त्या 'गुलामांच्या भरपाई'चं बघू, कारण हा प्रयोग वारंवार कानावर पडतो आणि दरवेळी खटकतो. 'शेतकऱ्यांची भरपाई' म्हटलं की पैसे शेतकऱ्यांच्या हाती पडले, असंच आपण समजतो. इथे पैसे मालकांना मिळाले. 1833 च्या कायद्यानं ब्रिटिश वसाहतींतली गुलामी रद्द झाली, तेव्हा मालकांसाठी 2 कोटी पौंड बाजूला काढले होते. ग्लॅडस्टनला 2,508 माणसांपोटी 1,06,769 पौंड मिळाले. त्या माणसांना छदामही नाही. तेव्हा 'मालकांना मिळालेली भरपाई' असंच लिहावं. षष्ठीच्या एका प्रत्ययानं इतिहास उलटा होतो.

'धनगर' हे आपले मेंढपाळ धनगर नव्हेत. छोटा नागपूरच्या उराव वगैरे आदिवासी मजुरांना बाहेरचे लोक 'धांगड' म्हणत. कलकत्त्याच्या एका व्यापारी पेढीनं 1836 साली ग्लॅडस्टनला पत्र लिहिलं, त्यात हाच शब्द इंग्रजी कानानं टिपलेला आहे. मराठीत उतरवणाऱ्यानं जरा चौकशी करायला हवी होती.

आता कुली. हमाल आणि कुली एकच, हे मला मान्य नाही. हमाल अरबी आहे. 'हम्ल' म्हणजे ओझं. हमालाचं नाव त्याच्या पाठीवरच्या ओझ्यावरून पडलं. तमिळ, तेलुगू, कन्नड तिन्हींत 'कूली' म्हणजे मजुरी, कामाचा मोबदला. म्हणजे कुलीचं नाव त्याच्या हातात पडायच्या पैशावरून! आणि 'मजूर' बघा: फारसी 'मुझ्दूर', त्यातला 'मुझ्द' म्हणजेही मोबदलाच. दोन वेगळ्या भाषाकुळांनी राबणाऱ्या माणसाला त्याच्या मजुरीचंच नाव दिलं. हे पहिल्यांदा लक्षात आलं तेव्हा मला रात्रभर झोप लागली नव्हती.

हे ग्लॅडस्टनच्या गोष्टीत किती नेमकं बसतं! लीथच्या धान्यव्यापाऱ्याचा हा मुलगा लिव्हरपूलला बडा व्यापारी झाला, 1818 ते 1827 पार्लमेंटात बसला, डेमेरारात (आजच्या गयानात, दक्षिण अमेरिकेत) ऊसमळे घेतले. तिथे स्वतः कधी पाऊल ठेवलं नाही. 1823 मध्ये त्याच्या 'सक्सेस' मळ्यावरून गुलामांचा उठाव सुरू झाला. पुढारी होते क्वामिना आणि त्याचा मुलगा जॅक ग्लॅडस्टन. आडनाव मालकाचं! क्वामिनाला गोळी घातली आणि त्याचं प्रेत त्याच मळ्यासमोर टांगलं. 1 ऑगस्ट 1838 ला उरलीसुरली 'उमेदवारी'ही, म्हणजे मुक्त झालेल्या गुलामांनी जुन्या मालकाकडेच राबायची सक्ती, संपणार होती. त्याआधीच, 5 मे 1838 ला, 'व्हिटबी' आणि 'हेस्पेरस' ही जहाजं कलकत्त्याहून 396 भारतीयांना घेऊन तिथे पोचली. कुली हा शब्द इंग्रजीत आधीपासून होता, पण त्याचं खरं काम तिथे सुरू झालं असं माझं ठाम मत आहे. गुलामाला मालकाचं नाव असायचं, आता नाव मजुरीचं आलं. मळा तोच, मुकादम तेच. आज गयानात हा शब्द शिवी आहे, म्हणून मराठी लेखात त्या लोकांना 'करारबद्ध मजूर' म्हणावं.

राहिला 'कोळी'. यूल आणि बर्नेल यांच्या 1886 च्या 'हॉब्सन-जॉब्सन' या अँग्लो-इंडियन शब्दकोशानं या व्युत्पत्तीला पसंती दिली आणि तेव्हापासून सगळे तीच उतरवून घेतात. गुजरातच्या एका जातीच्या नावावरून थेट तमिळमध्ये 'मजुरी' हा अर्थ कसा उगवला, याचं पटेल असं उत्तर मला कोणी दिलेलं नाही. 'ळ'चा 'ल' होईल, पण 'ओ'चा दीर्घ 'ऊ' कशानं झाला? नवल बर्नेलचं वाटतं. हा माणूस तंजावरला न्यायाधीश होता, तिथल्या आपल्या भोसल्यांच्या वाड्यातल्या संस्कृत पोथ्यांची सूची त्यानं केली. वाड्याबाहेर पडलं की बाजारात दिवस मावळताना जो तो आपली 'कूली' मागत असणार.