राजीनाम्यात 'राजी' कोण असतं?

भाचीनं विट्याहून विचारलं, मामा, माणूस वैतागून नोकरी सोडतो तर त्या कागदाला राजीनामा का म्हणायचं, त्यात राजी कोण आहे? आणि तिच्या हिंदी पेपरात बातमी होती की भांडणाऱ्या दोन भावांचा कोर्टात 'राजीनामा' झाला, म्हणजे दोघांनी नोकरी सोडली का काय!

नाही गं, हिंदीत त्याचा अर्थ समझोता, आणि मुळाला धरून तोच अर्थ जवळचा आहे. राजी हा शब्द अरबी, म्हणजे कबूल असलेला, समाधानी. नामा फारसी, म्हणजे लिहिलेला कागद, आपल्या करारनामा, जाहीरनामा, वकालतनाम्यातला. राजाशी काही संबंध नाही. तर राजीनामा म्हणजे 'मला हे मान्य आहे' असं लिहून दिलेला कागद, बस.

मग मराठीत सोडण्याचा अर्थ कुठनं आला? मला वाटतं जमिनीच्या कागदातनं. आमच्या तासगावच्या घरी आजोबांच्या ट्रंकेत जुने फेरफार, म्हणजे जमीन कुणाच्या नावावर गेली त्याच्या नोंदी आहेत, त्यात 'राजीनामा कबुलायत' असं जोडीनं येतं. मुंबई इलाख्यात रयतवारी होती, शेतसारा थेट शेतकऱ्याच्या नावावर, त्यामुळं जमीन सोडायची तर सरकारला लिहून द्यावं लागायचं की मी राजीखुशीनं हक्क सोडतोय, तो राजीनामा, आणि जो ती घेणार त्यानं सारा भरायचं कबूल करून द्यायची ती कबुलायत. १८७९ च्या जमीन महसूल कायद्याच्या काळातही हेच चालायचं. जबरदस्तीनं सोडायला लावली नाही याचा पुरावा म्हणून 'राजी' महत्त्वाचं. जमीन सोडताना जो कागद तोच पद सोडताना, अर्थ असा सरकला असावा.

आणि हे आपल्याच भाषेत झालंय असं नाही हं, जतकडं कन्नड बोलणाऱ्या कुणालाही विचार, त्यांचं राजीनामे म्हणजे नोकरी सोडणंच, गुजरातीत राजीनामुं, तेलुगूतही तेच. हिंदीवाले मात्र इस्तीफा देतात. तो अरबी शब्द, आपल्या 'माफ'च्या मूळचा, म्हणजे मला यातनं मोकळं करा अशी विनंती. ते सुटका मागतात, आपण संमती लिहून देतो, मला हा फरक फार आवडतो.

आता खरी गंमत. रजा, मर्जी आणि नाराज हे तिन्ही याच राजीच्या घरातले! रजा म्हणजे मुळात परवानगी, साहेब राजी झाले की मिळते ती. नाराज म्हणजे 'ना' अधिक 'राजी'. १९५६ मध्ये चिंतामणराव देशमुखांनी मुंबईच्या प्रश्नावर केंद्रातलं अर्थमंत्रिपद सोडलं ते नाराज होऊनच, पण दिला तो राजीनामाच. सरकारवर नाराज पण खुर्ची सोडायला राजी, त्यामुळं तुझ्या प्रश्नातला वैतागलेला माणूसही राजीच असतो, फक्त कशाला राजी ते बघायचं.