कामवालीच्या वेशातला हेर खरा वाटेल का?

प्रश्न: मी दिवाळी अंकासाठी हेरकथा लिहितेय. नायिका घोडबंदर रोडच्या एका टॉवरमध्ये शास्त्रज्ञाच्या घरी पोळ्यांना लागते आणि फाईल पळवते. मिस्टर म्हणतात हे फारच फिल्मी आहे. प्लॉट बदलू का?
– एक वाचक, ठाणे

उत्तर: ताई, प्लॉट अजिबात बदलू नका. कौटिल्याच्या अर्थशास्त्रातच आहे हे, आचारी, न्हाऊ घालणारे, अंग रगडणारे, अंथरूण घालणारे अशा वेशात हेर बड्या अधिकाऱ्यांच्या घरात पेरायचे, आणि तिघांकडून एकच बातमी आली तरच ती खरी धरायची.

अलीकडचं बघायचं तर 1943-44 मध्ये अंकाऱ्याला ब्रिटिश राजदूताकडे एल्येसा बाझना नावाचा नोकर होता, साहेब आंघोळीला गेले की हा किल्ल्यांचे मेणात ठसे घ्यायचा, गुप्त कागदांचे फोटो काढून जर्मनांना विकायचा. ते त्याला ‘सिसेरो’ म्हणायचे. त्याला मिळालेले पौंड बरेचसे खोटे निघाले हे वेगळं. पण त्याला तिथे कुणी पेरलेलं नव्हतं, तो खराच नोकर होता आणि स्वतःहून जर्मनांकडे गेला, मला हेच फार महत्त्वाचं वाटतं. तुमची नायिकाही खरीच पोळ्यावाली असू दे की, पाच घरची कामं करणारी, मग तिला कुणीतरी गाठतं. ट्रेनिंग घेतलेली बाई दाखवलीत तर तिची पहिली पोळी लाटतानाच घरातल्या आजी ओळखतील.

आता फाईल पळवायचं मात्र काढाच. बाझना कागद परत जागेवर ठेवायचा म्हणून तर इतके महिने टिकला. आपल्याकडे घरातली साधी वाटी सापडली नाही तरी पहिला संशय बाईवर जातो, तुम्हालाही माहितेय. शिवाय गेटवर ॲपमध्ये तिची येण्याजाण्याची वेळ पडते, पोलीस व्हेरिफिकेशन झालेलं असतं, कुठल्या घरात किती वेळ थांबली हे बाकीच्या बायकांनाही पाठ असतं. हाताला कणीक लागलेली असताना मोबाईलवर फोटो काढायचा म्हणजे आधी हात धुवायला हवेत, नळाचा आवाज बाहेर जाणार, हे सगळं लिहा हो, खरं टेन्शन इथेच आहे. आणि त्याच दिवशी वरच्या मजल्यावर कुणाची तरी चेन हरवू दे, वॉचमन खाली सगळ्या बायकांच्या पिशव्या आणि मोबाईल तपासतोय.